गोठ्यात बसणारं पोर

(सामुदायिक रेडिओवर एका पशुसखीने केलेलं भाषण)

कुणी भाकरी थापत ऐकत असाल, कुणी शेंगा फोडत, कुणी फोन कोनाड्यात ठेवून शेळीची धार काढत असाल. हात थांबवू नका, कान तेवढे इकडे द्या.

मला तुमच्यातल्या बऱ्याच जणी ओळखतात. मी पशुसखी. जंताचं औषध पाजायचं, खुरं कापायची, डॉक्टर लस द्यायला आले की घरोघर त्यांच्यासोबत फिरायचं, हे माझं काम. याआधी दोन-तीनदा मी इथे बोलले, ते शेळ्यांच्या आजारांवर. आज एका पोराबद्दल बोलणार आहे. शेळ्या त्यातही येतीलच.

पोराचं नाव सांगणार नाही, गावही सांगणार नाही. त्याच्या आईला विचारून, तिची परवानगी घेऊन सांगते आहे. ती म्हणाली, "ताई, सांगा. माझं झालं ते झालं, दुसरीचं तरी वाचेल."

मी पहिल्यांदा त्या घरी गेले तेव्हा पोरगं पाच वर्षांचं होतं. शेळ्यांच्या गोठ्यात कोपऱ्याला बसलेलं. मी हाक मारली, वर बघितलं नाही. मला वाटलं, ऐकू येत नसेल. तेवढ्यात बाहेर कुठेतरी एक करडू ओरडलं, तसं लगेच उठून धावलं. म्हणजे कान तर चांगले होते. हात पंख हलवावेत तसे हलवायचं. चालायचं ते चवड्यांवर. लेंड्या गोळा करून त्यांची सरळ रेघ मांडायचं, आणि ती रेघ कुणी मोडली की असा आकांत करायचं की शेजारपाजार गोळा व्हावा. मिक्सर लागला किंवा वरातीचा डीजे आला की दोन्ही कान दाबून शेळ्यांच्या मधोमध जाऊन बसायचं.

चार वर्षांचं होईपर्यंत ते बोललंच नव्हतं. नंतर बोलायला लागलं तेही आपण म्हणू तेच परत म्हणायचं. "जेवलास का?" विचारलं की तेही म्हणायचं, "जेवलास का?" मात्र घरातल्या आठही शेळ्या त्याला आवाजावरून कळायच्या. अंधारात एखादी ओरडली तरी ते तिचं नाव सांगायचं.

गावानं त्याला काय म्हणावं? पोरं म्हणायची, "बोकड्या आला, बोकड्या आला." अंगणवाडीत इतर मुलं खेळायची, हे दाराच्या चौकटीत उभं राहून रस्त्यानं जाणारी गुरं बघायचं. आणि आईला काय ऐकावं लागायचं ते तुम्हाला मी सांगायला नको. गरोदरपणी ग्रहण पाळलं नाही. मोबाईल देऊन बिघडवलं. पोराला जवळ घेतलं नाही, कामाच्या नादात गोठ्यात टाकलं, म्हणून ते शेळ्यांचं झालं. सासूनं दोन ठिकाणी नेऊन अंगारे आणले, उतारे टाकले, गळ्यात ताईत बांधला.

आता माझी चूक सांगते. त्या माउलीनं मला विचारलं होतं, "ताई, तुम्ही जनावरांतल्या. काय करू?" मी शहाणपणा केला. म्हटलं, "त्याला शेळ्यांपासून तोडा. शेळ्या समोर नसल्या की माणसांत येईल." माझं ऐकून, आणि पैशाचीही नड होती म्हणून, तिच्या नवऱ्यानं आठवड्याच्या बाजारात सातही मोठ्या शेळ्या विकल्या. एक पाट तेवढी राहिली, ती मामाकडे पाठवली.

पोरगं माणसांत आलं नाही. जेवायचं बंद झालं. रात्री भिंतीवर डोकं आपटायला लागलं. बोलायचं तेवढं दोन शब्दांचं बोलणंही गेलं. पाचव्या दिवशी तिन्हीसांजेला ते घरात नव्हतं. विहिरी बघितल्या, ओढा बघितला. निम्मं गाव बॅटऱ्या घेऊन फिरत होतं. मीही होते. त्या रात्री माझ्या पोटात काय कालवलं असेल ते माझं मला ठाऊक.

पहाटे सापडलं. बाजाराच्या वाटेवर एका रानात मेंढपाळांचा वाडा उतरला होता. जाळीच्या वाघरीत कोकरांच्या मध्ये झोपलेलं होतं. त्या मेंढपाळ बाईनं त्याच्या अंगावर घोंगडं टाकलं होतं. ती म्हणाली, "मी नाव विचारलं, सांगितलं नाही. घर विचारलं, सांगितलं नाही. म्हटलं, कोकरात निवांत आहे तर असू दे, उजाडल्यावर बघू." तिनं त्याला ओढून बाहेर काढलं नाही. जिथे त्याचा जीव शांत होता तिथे राहू दिलं. मला पाच दिवसांपूर्वी जे सुचलं नाही ते तिला सुचलं होतं.

त्यानंतर दोन महिन्यांनी आमचं तालुक्याला प्रशिक्षण होतं. विषय होता, जनावराला न मारता, न ओरडता कसं चालवायचं. डॉक्टरांनी फळ्यावर गाय काढली आणि म्हणाले, "ही शिकवण जिनं जगभर नेली ती बाई लहानपणी बोलत नव्हती. लोक तिला वेडी म्हणायचे." माझे कान टवकारले. मधल्या सुट्टीत मी त्यांना गाठलं आणि सगळं विचारून घेतलं. पुढे आणखी मिळेल तसं वाचत, ऐकत गेले. त्या बाईची गोष्ट आज तुम्हाला सांगायची आहे.

तिचं नाव टेंपल ग्रँडिन. अमेरिकेतल्या बॉस्टन शहरात २९ ऑगस्ट १९४७ रोजी जन्मली. म्हणजे आपला देश स्वतंत्र झाला त्याच महिन्यात. दोन-अडीच वर्षांची झाली तरी बोलेना. आईनं उचललं की अंग ताठ करायची, मिठी मारू द्यायची नाही. अंगावर कुणी आलं की सहन व्हायचं नाही, शाळेची घंटा वाजली की दाढेत सळ गेल्यासारखं व्हायचं. वाळू हातातून गाळत तासन्‌तास बसायची. डॉक्टर म्हणाले, मेंदूला इजा आहे. वडिलांच्या मनात होतं की अशा मुलीला संस्थेत ठेवावं. त्या काळात तिकडे हीच रीत होती. पोराला संस्थेत टाकायचं आणि विसरून जायचं.

आई ऐकेना. युस्टेशिया तिचं नाव, तेव्हा ती स्वतःच विशीतली पोर. तिनं मुलीला बोलायला शिकवणाऱ्या बाईंकडे नेलं. या बाई काय करायच्या? पेला हातात धरायच्या आणि 'पेला' हा शब्द सावकाश, एकेक अक्षर सुटं करून म्हणायच्या. टेंपलनं मोठेपणी सांगितलं आहे की मोठी माणसं भरभर बोलली की तिला नुसता कलकलाट ऐकू यायचा. हळू बोललं की त्यातून शब्द वेगळा निघायचा. साडेतीन-चार वर्षांची झाली तेव्हा ती बोलायला लागली.

आईनं घरी सांभाळायला एक बाई ठेवली होती. आता त्यांच्या घरी पैसा होता, हे मी लपवत नाही. पण त्या बाईचं काम बघा. दिवसभर मुलीला एकटी बसू द्यायची नाही. खेळ खेळायचे, आणि प्रत्येक खेळात आधी तुझी पाळी, मग माझी पाळी. याला कुठे पैसा लागतो? आपल्या सागरगोट्यांतही पाळी असतेच की.

शाळेत तिला मैत्रिणी नव्हत्या. एकच गोष्ट पुन्हा पुन्हा बोलायची म्हणून पोरं तिला 'टेपरेकॉर्डर' म्हणायची. आमच्या पोराला बोकड्या, तिला टेपरेकॉर्डर. चौदा वर्षांची असताना एका मुलीनं चिडवलं, हिनं तिला पुस्तक फेकून मारलं, आणि शाळेनं हिलाच काढून टाकलं. मग आईनं तिला दूर डोंगरातल्या एका निवासी शाळेत घातलं. तिथे घोडे होते. टेंपल अभ्यासाला हात लावेना, पण पहाटे उठून घोड्यांची लीद काढायची, तबेले झाडायची, दाणा-वैरण बघायची. त्या शाळेनं तिला घोड्यांपासून तोडलं नाही, बायांनो. मी सांगितलं होतं तसं कुणी सांगितलं नाही.

पंधराव्या वर्षी आईनं ठरवलं की तिनं उन्हाळ्यात सावत्र आत्याकडे जायचं. आत्याचं अॅरिझोना राज्यात गुरांचं मोठं रान होतं. टेंपलला नवीन जागेची भीती. जाणार नाही म्हणाली. आईनं काय केलं? "जायचं नाही" हा पर्याय ठेवलाच नाही. "एक आठवडा राहायचं की सगळा उन्हाळा, एवढं तू ठरव," म्हणाली. टेंपल गेली आणि उन्हाळाभर राहिली.

तिथे तिनं एक गोष्ट पाहिली. आपल्या जनावरांच्या दवाखान्यापुढे लोखंडी पाइपांचा खोडा असतो ना, तसा तिथे लस द्यायला खोडा होता. फरक एवढाच की त्याच्या दोन्ही बाजू आत सरकून जनावराला दाबून धरायच्या. कावरीबावरी झालेली गाय, दोन्हीकडून तो सारखा दाब आला की शांत व्हायची. टेंपलला स्वतःलाही सतत भीती वाटायची, छातीत धडधडायचं. ती आत्याला म्हणाली, "मला यात उभी करून बघ." आत्यानं तिला वेडं म्हटलं नाही, खरंच उभी केली. आणि मुलीचा जीव शांत झाला. माणसाची मिठी तिला सोसत नव्हती, पण आपल्याला हवा तेवढा, आपल्या ताब्यातला दाब सोसत होता.

परत आल्यावर तिनं लाकडी फळ्यांचं तसंच यंत्र स्वतःसाठी बनवलं. शाळेतल्या मनाच्या डॉक्टरांना ते विचित्र वाटलं, ते बंद करायला निघाले. पण विज्ञानाचे एक मास्तर होते, कार्लॉक नावाचे. ते म्हणाले, "यानं तुला बरं का वाटतं, ते शोधायचं असेल तर अभ्यास करावा लागेल." आजवर अभ्यासाला हात न लावणारी मुलगी त्या एका प्रश्नापायी पुस्तकं वाचू लागली. १९७० मध्ये पदवी घेतली, १९७५ मध्ये पशुविज्ञानात पुढची पदवी, आणि १९८९ मध्ये इलिनॉय विद्यापीठाची डॉक्टरेट. १९९० पासून ती कोलोरॅडो राज्य विद्यापीठात शिकवते आहे.

तिनं जनावरांसाठी काय केलं ते आपण शेळ्या-गाई पाळणाऱ्यांनी नीट ऐकण्यासारखं आहे. मोठ्या गोठ्यांत गुरं एका ठिकाणी अडायची, पुढे जायची नाहीत. गडी ओरडायचे, काठ्या मारायचे, विजेचे झटके द्यायचे. टेंपल त्या अरुंद वाटेत स्वतः उतरली, गाईच्या डोळ्यांच्या उंचीवर वाकली आणि गाईला काय दिसतं ते बघितलं. एक साखळी लोंबत होती. कुंपणावर कुणीतरी कोट टाकला होता. डबक्यात ऊन चमकत होतं. उजेडातून एकदम अंधारात जायचं होतं. माणसाला या गोष्टी दिसतच नाहीत, गाईला त्याच आधी दिसतात. साखळी काढली, कोट उचलला, गाई चालू लागल्या.

हे तिलाच का दिसलं? ती सांगते की तिचा विचार शब्दांतून होत नाही, चित्रांतून होतो. आपल्याला 'देऊळ' म्हटलं की नुसतं देऊळ कळतं. तिला एखादा शब्द ऐकला की आजवर बघितलेल्या त्या त्या वस्तूंची एकेक खरीखुरी चित्रं डोळ्यांपुढून जातात. त्यामुळे बारीकसारीक काहीच सुटत नाही. १९९५ साली तिनं यावरच पुस्तक लिहिलं. ज्या गोष्टीपायी ती शाळेत एकटी पडली, तीच गोष्ट गोठ्यात तिच्या कामी आली.

सुरुवातीला पुरुषांच्या त्या धंद्यात तिला गोठ्यांच्या दारातून परत पाठवलं गेलं, तिची टिंगल झाली. तरी ती जात राहिली. आज अमेरिका-कॅनडातल्या कत्तलखान्यांत जाणारी जवळपास निम्मी गुरं तिनं आखलेल्या यंत्रणेतून जातात. तिकडे गुरं मांसासाठी पाळतात, हे उघड आहे. काहींच्या मनाला ते पटणार नाही. तिचं म्हणणं एवढंच, की आपण त्यांना पाळतो तर जिवंत आहेत तोवर त्यांना भीती आणि वेदना देण्याचा आपल्याला हक्क नाही.

तिची एक शिकवण आजच वापरून बघा. जनावराला पुढे न्यायचं असेल तर तोंडाकडून ओढू नका. त्याच्या खांद्याच्या थोडं मागे, बाजूला उभ्या राहा, ते पुढे जाईल. खांद्याच्या पुढे आलात की ते मागे सरेल. अगदी शेपटीमागे उभ्या राहू नका, तिथलं त्याला दिसत नाही आणि ते दचकतं. आणि ओरडू नका. घाबरलेली गाय पुरती शांत व्हायला वीस ते तीस मिनिटं लागतात. लस द्यायच्या आधी पाठलाग केला तर माझंही काम अवघड आणि तुमचंही.

आता परत आपल्या पोराकडे येते.

टेंपलला जे होतं, आणि आमच्या पोराला जे आहे, त्याला ऑटिझम म्हणतात, मराठीत स्वमग्नता. हा रोग नाही, वेड नाही, बाधा नाही. मेंदूची घडणच जन्मापासून जरा निराळी असते. ग्रहणानं होत नाही, लसीनं होत नाही, आणि आईच्या वागण्यानं तर मुळीच होत नाही. हे शेवटचं मी मोठ्यानं सांगते, कारण आईला दोष द्यायची रीत आपल्या गावातलीच आहे असं समजू नका. अमेरिकेतल्या मोठमोठ्या शिकलेल्या डॉक्टरांनीही वीस-पंचवीस वर्षं हेच म्हटलं, की आईची माया थंड असते म्हणून मूल असं होतं. १९६४ मध्ये बर्नार्ड रिमलँड नावाच्या एका संशोधकानं पुस्तक लिहून हे खोडून काढलं. त्याचा स्वतःचा मुलगा स्वमग्न होता. आपल्या बायकोवरचा आळ त्याला सोसवला नसेल, असं मला वाटतं. आपल्या गावातल्या सुनेवरचा आळ पुसायला एक पुस्तक लागणार नाही. तिच्या सासूनं चारचौघींत एकदा म्हणावं लागेल, "तिचा दोष नाही." बस.

प्रशिक्षणाहून आल्यावर मी त्या घरी गेले. दारात उभी राहून म्हटलं, "दादा, वहिनी, माझं चुकलं. ती पाट मामाकडून परत आणा." नवरा आधी चिडला. पैसे तर खर्च होऊन गेले होते, आणि वर मी आता उलटं सांगत होते. त्याचा राग रास्त होता. पण त्यानं पाट आणली. कपाळावर पांढरा ठिपका, म्हणून पोरानं तिला चांदी म्हणायचं.

चांदी आली म्हणून पोरगं बरं झालं, असं सांगून मी तुम्हाला फसवणार नाही. पण ते जेवायला लागलं. आणि आम्हाला त्याच्यापर्यंत जायची वाट मिळाली. आधी आम्ही त्याला गोठ्यातून बाहेर ओढत होतो. आता आम्हीच गोठ्यात गेलो. आई पाल्याची एक डहाळी स्वतः द्यायची, दुसरी त्याच्या हातात द्यायची. "आता माझी पाळी. आता तुझी पाळी." सावकाश, शब्द सुटा करून. "पा-ला." "पा-णी." महिना गेला, दुसरा गेला. सासू म्हणायची, "शेळी बोलंल पण हा नाही बोलणार." आईनं सोडलं नाही. तिसऱ्या महिन्यात तो पाण्याची बादली दाखवून "पाणी" म्हणाला. चांदीसाठी मागितलं, स्वतःसाठी नव्हे. पण मागितलं.

शाळेतल्या बाईंना आम्ही भेटलो. बाई चांगल्या निघाल्या. त्यांनी बेरजा शेळ्यांच्या घातल्या. चित्रं शेळ्यांची दिली. डबा वाजवणाऱ्या पोरांपासून दूर, खिडकीपाशी बसायला जागा दिली. आणि इतर मुलांना एक दिवस शेळीची करडं बघायला त्याच्या घरी आणलं. करडू कसं धरायचं ते मुलांना कळेना, ते त्याला कळत होतं. त्या दिवशी पहिल्यांदा पोरं त्याच्याभोवती जमली ती चिडवायला नव्हे. 'बोकड्या' अजून कधीकधी ऐकू येतं, पण कमी.

आता ते नऊ वर्षांचं आहे. मागच्या पावसाळ्यात एका सकाळी ते शेजारच्या काकूंच्या दारात जाऊन उभं राहिलं आणि म्हणालं, "चांदी खात नाही." त्याची आई शेतात होती. काकूंनी मला फोन केला. जाऊन बघते तर चांदीचं पोट डाव्या अंगाला ढोलासारखं फुगलेलं. ओला कोवळा चारा जास्त खाल्लेला. वेळेवर डॉक्टर आले, शेळी वाचली. घरच्यांना शेळी वाचली याचा आनंद. मला वेगळाच. ज्या पोरानं चार वर्षं कुणाशी शब्द काढला नाही, ते आपणहून परक्या दारात गेलं होतं आणि एका माणसाला मदत मागत होतं.

पण चांदी आणायच्या सोबत आम्ही आणखी एक गोष्ट केली, आणि ती सगळ्यांनी लिहून ठेवा. शेळी हा उपचार नाही. तपासणी करावीच लागते. २०१३ पासून राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम सुरू आहे. त्याचं डॉक्टरांचं पथक अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि शाळेत एकदा येतं. त्या दिवशी पोराला घरी ठेवू नका, "लाज वाटते" म्हणून लपवू नका. ते पथक जिल्ह्याच्या शीघ्र हस्तक्षेप केंद्रात पाठवतं, तिथे बोलण्याची, वागण्याची तपासणी होते. आशाताईंना विचारा, त्यांना माहीत असतं. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकारची दिव्यांगता मानली आहे, त्यात स्वमग्नता आहे. म्हणजे प्रमाणपत्र मिळू शकतं, आणि शाळेला "असलं मूल आम्ही घेत नाही" म्हणता येत नाही.

लक्ष कशावर ठेवायचं? मूल वर्षाचं झालं तरी नावानं हाक मारल्यावर बघत नाही. दीड वर्षाचं झालं तरी बोटानं दाखवून "ते बघ" करत नाही. दोन वर्षांचं झालं तरी दोन शब्द जोडत नाही, किंवा येत होते ते शब्द गेले. डोळ्याला डोळा देत नाही. एकच हालचाल, एकच खेळ सारखा सारखा. यातलं काही दिसलं तर "मुलगे उशिरा बोलतात" म्हणून थांबू नका. मुलींकडेही तेवढंच बघा. गप्प, एकटी बसणारी मुलगी आपल्याला 'गुणी' वाटते आणि तिचं कळायचं राहून जातं.

उलट बाजूही सांगते. गुरांत, पाखरांत, मुंग्यांत रमणारं प्रत्येक एकटं मूल स्वमग्न नसतं. एखाद्याला नुसता छंद असतो, एखाद्याला माणसांनी दुखावलेलं असतं. आणि प्रत्येक स्वमग्न मूल टेंपलसारखं विद्यापीठात शिकवणार नाही. काहींना आयुष्यभर हात धरावा लागेल. मुलाची किंमत त्यानं पुढे काय नाव काढलं त्यावर ठरवायची नसते.

मला यातून एकच गोष्ट समजली. मुलाचा जीव जिथे लागतो, ती जागा बंद करायची नसते. तिथूनच त्याच्याशी बोलायला सुरुवात करायची असते. पण तिथेच सोडूनही द्यायचं नसतं. टेंपलच्या आईनं तिला घोड्यांपाशी राहू दिलं, पण तेरा वर्षांची असताना एका शिवणकाम करणाऱ्या बाईकडे कपड्यांना दुमड घालायच्या कामालाही लावलं. जेवायला बसल्यावर कसं वागायचं, पाहुण्यांना नमस्कार कसा करायचा, हेही शिकवलं. लाडही नाहीत आणि हाडहूडही नाही. एक आठवडा की सगळा उन्हाळा, एवढं तू ठरव.

शेवटी एक काम देते. पुढच्या महिन्याच्या बैठकीत हप्ते जमा झाले, वहीवर सह्या झाल्या की लगेच उठू नका. पाच मिनिटं बसा. आपल्या गल्लीत, आपल्या वाडीत असं एकटं मूल कुठलं आहे, ते एकमेकींना विचारा. त्याच्या आईला बोलवा. तिला सल्ला देऊ नका, मी दिला तसा. तिला एवढंच विचारा, "त्याला काय आवडतं?" ती काय सांगते ते ऐका. मग आशाताईंना सोबत घ्या.

आमची ती माउली आता बचत गटात आहे. मागच्या महिन्यात तिनं गटातून कर्ज काढून दोन शेळ्या घेतल्या. बाजारात निवडायला पोराला सोबत नेलं होतं. गर्दीत त्यानं कान दाबून धरले होते, पण बापाचं बोट सोडलं नाही. दोन शेळ्या त्यानंच दाखवल्या. मी तपासल्या, दोन्ही निरोगी आहेत. त्यातली एक गाभण आहे.